सत्तरीनंतरचे आयुष्मान कार्ड : कोणी लगेच घ्यावे, कोणी थांबावे?

गेल्या वेळी विहारात रविवारच्या वंदनेनंतर आयुष्मान कार्डाचे शिबिर झाले. रांगेत चौऱ्याहत्तर वर्षांचे एक माजी सैनिक काका होते. संगणकावर बसलेल्या मुलाने विचारले, "काका, आधीची कुठली सरकारी योजना आहे का?" काका म्हणाले, "आहे ना, फौजेची." मुलगा म्हणाला, "मग ती सोडतो असं लिहून द्यावं लागेल." काकांनी लगेच मान डोलावली. पाच लाख मिळत असतील तर लिहून द्यायला काय जाते, असा त्यांचा साधा हिशेब होता.

आम्ही त्यांना बाजूला बसवले आणि एवढेच विचारले, "बीपी-शुगरच्या गोळ्या कुठून आणता?" ते म्हणाले, "पॉलिक्लिनिकमधून, फुकट." या नव्या कार्डावर त्या गोळ्या मिळणार नाहीत, हे सांगितल्यावर काका रांगेत परत गेले नाहीत.

त्या दिवशी काका वाचले. पण प्रत्येक रांगेत असे विचारणारे कोणी असेलच असे नाही. म्हणून हा विषय नीट मांडणे आम्हाला गरजेचे वाटते.

योजना नेमकी काय आहे?

केंद्रीय मंत्रिमंडळाने ११ सप्टेंबर २०२४ रोजी आयुष्मान भारत योजना सत्तर वर्षे आणि त्यावरील सर्व नागरिकांना खुली करण्याचा निर्णय घेतला. २९ ऑक्टोबर २०२४ पासून 'आयुष्मान वय वंदना' कार्ड देणे सुरू झाले. उत्पन्नाची अट नाही. वर्षाला पाच लाख रुपयांपर्यंतचे रुग्णालयातील उपचार मोफत आहेत. जुना आजार असला तरी पहिल्या दिवसापासून संरक्षण मिळते. नवरा-बायको दोघेही सत्तरीपुढचे असतील, तर पाच लाखांची रक्कम दोघांत मिळून असते.

नोंदणीला अंतिम तारीख नाही. सत्तरी पूर्ण झाली की वर्षभरात केव्हाही नाव नोंदवता येते. म्हणजे शिबिर चुकले तर संधी गेली, ही भीती खोटी आहे. घाई करण्याचे कारणच नाही.

निवड कोणाला करावी लागते?

इथे तीन गट वेगळे करून पाहू.

पहिला गट, ज्यांच्याकडे काहीच नाही किंवा ज्यांच्या कुटुंबाकडे आधीपासून आयुष्मान भारतचे कार्ड आहे. यांनी विचार करत बसू नये. जुने कार्ड असले तरी ज्येष्ठांनी नव्याने केवायसी करून वय वंदना कार्ड घ्यावे. कारण त्यांना स्वतःसाठी वेगळे पाच लाख मिळतात आणि ते घरातील तरुण माणसांबरोबर वाटून घ्यावे लागत नाहीत.

दुसरा गट, खासगी विमा असलेले किंवा ईएसआयसीचे लाभार्थी. यांना काहीही सोडावे लागत नाही. आहे ते ठेवून हे कार्डही घेता येते.

तिसरा गट म्हणजे केंद्र सरकारचे निवृत्त कर्मचारी (सीजीएचएस), माजी सैनिक (ईसीएचएस) आणि केंद्रीय सशस्त्र पोलीस दलांच्या आयुष्मान योजनेतले लोक. यांना दोन्ही घेता येत नाही. जुनी योजना किंवा नवे कार्ड, एकच निवडायचे आणि ही निवड एकदाच करायची आहे. म्हणून खरी सावधगिरी इथेच हवी.

आपल्या समाजात हा तिसरा गट लहान नाही. आरक्षणामुळे केंद्राच्या नोकरीत गेलेली पहिली-दुसरी पिढी आज सत्तरीत आहे. महार रेजिमेंटमधून निवृत्त झालेले आजोबा कितीतरी घरांत आहेत. त्यांनी नोकरीभर सेवा देऊन ही आरोग्य सुविधा कमावली आहे.

पाच लाखांचा आकडा आणि रोजची गोळी

आयुष्मान कार्ड रुग्णालयात दाखल झाल्यावर उपयोगी पडते. दाखल होण्यापूर्वीचे तीन दिवस आणि घरी आल्यानंतरचे पंधरा दिवस धरले जातात. डॉक्टरांची नेहमीची तपासणी आणि महिन्याच्या गोळ्या त्यात येत नाहीत. याउलट सीजीएचएस आणि ईसीएचएसमध्ये बाह्यरुग्ण तपासणी आणि औषधेही मिळतात. ईसीएचएसमध्ये तर उपचाराच्या रकमेला पाच लाखांसारखी वरची मर्यादा नाही.

आता म्हातारपणाचा खर्च आठवून पाहा. ऑपरेशन आयुष्यात एखादे होते, गोळी मात्र रोज घ्यावी लागते. ज्यांना गोळ्या फुकट मिळतात त्यांनी पाच लाखांच्या आकड्यावर भाळून त्या सोडणे हा तोट्याचा सौदा आहे.

काहींची अडचण खरी आहे. गावापासून पॉलिक्लिनिक लांब असते, तिथून पुढे पाठवण्याची चिठ्ठी मिळवायला फेऱ्या होतात. अशांना जवळच्या रुग्णालयात चालणारे कार्ड सोयीचे वाटणे साहजिक आहे. त्यांनीही आधी दोन गोष्टी तपासाव्यात : ते रुग्णालय योजनेत आहे का आणि महिन्याच्या औषधांचा खर्च किती येतो. नंतरच ठरवावे.

हक्काचा प्रश्न

बाबासाहेब १९४२ ते १९४६ या काळात व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर सदस्य होते. त्याच काळात कामगारांच्या आरोग्य विम्याची आखणी प्रा. अडारकर यांच्याकडे सोपवली गेली, १९४४ मध्ये अहवाल आला आणि पुढे १९४८ चा कर्मचारी राज्य विमा कायदा झाला. त्या कायद्यात दवाखाना, औषध आणि आजारपणात बुडणाऱ्या मजुरीची भरपाई या सगळ्याचा विचार आहे. आजारी माणूस फक्त रुग्णालयाच्या खाटेवरच आजारी नसतो, ही समज त्यामागे आहे.

आजच्या कार्डात ती समज अपुरी आहे. म्हणून आमची मागणी सरळ आहे : सत्तरीपुढच्या प्रत्येकाला बीपी, शुगरसारख्या आजारांची औषधे नियमित मिळाली पाहिजेत आणि जुनी योजना सोडणाऱ्याला परत येण्याची एक संधी मिळाली पाहिजे.

तोपर्यंत एवढे करा

वय आधारवरूनच ठरते. आपल्याकडे अनेक आजी-आजोबांचे जन्मवर्ष अंदाजे लिहिलेले आहे. ते चुकले असेल तर शाळेचा दाखला किंवा अन्य पुरावा शोधून आधी दुरुस्त करून घ्या. जन्मतारीख साधारणपणे एकदाच बदलता येते, म्हणून तीही जपून.

नोंदणी आयुष्मान ॲपवर, सेवा केंद्रात किंवा योजनेतील रुग्णालयात होते. माहितीसाठी १४५५५ हा क्रमांक आहे. १८००-११०-७७० वर मिस्ड कॉलही देता येतो.

आणि विहारात शिबिर घेणाऱ्या कार्यकर्त्यांना विनंती. आधारला हात लावण्यापूर्वी प्रत्येक ज्येष्ठाला विचारा, "नोकरी कुठे होती? औषधे कुठून आणता?" उत्तरात पॉलिक्लिनिक किंवा सीजीएचएस आले, तर त्यांना त्या दिवशी घरी पाठवा. मुलांशी, पेन्शन कार्यालयाशी बोलून पुढच्या रविवारी या म्हणावे. आठवडाभराने काही बिघडत नाही, लिहून दिलेले मात्र परत घेता येत नाही.