सहस्र चंद्रांचा हिशेब

मनुष्याचें वय साठीच्या पुढें गेलें कीं तें त्याचें एकट्याचें राहत नाहीं, सगळ्या घराचें होतें. पस्तिसावा वाढदिवस विसरला गेला तर घरांत पानहि हालत नाहीं. पण एकसष्टी जवळ आली म्हणजे पुतणे, भाचे, जावई आणि ज्यांचें नांव आठवावयास थोडा वेळ लागतो असे आप्त, या सर्वांना आपल्या आयुर्मानाविषयीं एकाएकीं आस्था उत्पन्न होते. शास्त्रकारांनींहि या कामीं कसर ठेविलेली नाहीं. पन्नाशीला वैष्णवी शांत, साठीला उग्ररथ, सत्तरीला भीमरथी, पंचाहत्तरीला ऐंद्री! नांवेंच अशीं दणदणीत कीं, ज्याची शांत करावयाची तो ऐकूनच निम्मा शांत व्हावा. पंचाहत्तरीला हल्लीं अमृतमहोत्सव म्हणतात, आणि ज्याचा अमृतमहोत्सव त्याला डॉक्टरांनीं साखर वर्ज्य केलेली असते.

आमच्या थोरल्या काकांनीं या पायऱ्या एकेक करून चढलेल्या आम्हीं पाहिल्या आहेत. त्यांचा जन्म शके १८६६ च्या दिवाळींतल्या पाडव्याचा, तारण संवत्सरांतला. साठ संवत्सरांची माळ एकदां ओढून झाली आणि २००४ सालीं तारण संवत्सर पुन्हा दारांत येऊन उभें राहिलें, तेव्हां कणकेचे साठ दिवे लावून घरांतल्या बायकांनीं त्यांना ओवाळिलें. दिव्यांची धग एवढी कीं, काका घामाघूम होऊन म्हणाले, "ऐंशीला हें करणार असाल तर पाण्याची बादली जवळ ठेवा." ही सूचना आम्हीं लक्षांत ठेविली होती.

गेल्या वर्षाच्या, म्हणजे २०२५ च्या आरंभीं सहस्रचंद्रदर्शनाच्या गोष्टी सुरू झाल्या. उपाध्ये म्हणाले, "ऐंशी वर्षें आठ महिने झाले कीं करावें." काका जन्मभर शाळेंत गणित शिकविलेले. त्यांनीं चष्मा पुसला आणि पाठकोरा कागद मागविला. आम्हीं ओळखलें कीं, आतां उपाध्यांची सुटका नाहीं. "वर्षाच्या बारा पौर्णिमा धरल्या तर ऐंशी वर्षांत नऊशें साठ. अधिक महिने एकोणीस वर्षांत सात येतात; माझ्या ऐंशी वर्षांत तीस आले, मी पंचांगांतून मोजले आहेत. झाल्या नऊशें नव्वद. उरल्या दहा. माझ्या जन्मानंतरची पहिली पौर्णिमा त्रिपुरी. तेथून मोजीत आलों कीं हजारावी पडते ती येत्या नारळी पौर्णिमेला. तुमच्या आठ महिन्यांनीं माझे दोन चंद्र बुडतात." उपाध्यांनीं दोन चंद्र मुकाट्यानें परत केले, आणि ९ ऑगस्टचा मुहूर्त ठरला.

पत्रिकेचा मजकूर आमच्याकडे आला. लेखक घरांत असला म्हणजे त्याला फुकट मिळणारें काम तें हेंच. आम्हीं काकांची विद्वत्ता, शिस्त, निःस्पृहता इत्यादि गुण तीन परिच्छेदांत मावविले, आणि काकूंसाठीं एक शब्द खर्च केला : 'सपत्नीक'.

समारंभ यथासांग झाला. ग्रहमखाच्या धुरानें डोळे चुरचुरले, गुळाची तुला झाली (काका पारड्यांत बसले असतां गुळाची एक ढेप अधिक लागली, याचा दोष त्यांनीं तराजूला दिला), एक्क्याऐंशी दिव्यांनीं ओवाळणें झालें, बादली जवळ होती. नारळीभाताच्या पंक्ती उठल्या. एकच उणीव राहिली. दिवस श्रावणांतला, त्यांतून पुण्याचा. ज्याच्या सन्मानार्थ हा खटाटोप, तो चंद्र कांहीं दिसला नाहीं.

रात्रीं सगळे ओसरीवर टेकले असतां नातीनें तोफ डागली. ही मुलगी इंजिनियरिंगला आहे. शंका काढणें हा तिचा आतां व्यवसायच होणार. "आजोबा, दर्शन म्हणजे पाहणें ना? तुम्ही तर नऊला झोपतां. पावसाळ्याचे चार महिने चंद्र ढगांत. राहिले वर्षाला आठ. म्हणजे हजार चंद्र खरोखर पाहावयाला एकशेंवीस वर्षें तरी हवींत!"

काका म्हणाले, "चंद्र ढगाआड असला तरी असतोच. शास्त्र त्याच्या असण्याला मोजतें, माझ्या जागण्याला नव्हे. शिवाय मोठ्या आयुष्याला घाबरूं नये. अण्णासाहेब कर्वे १८५८ त जन्मले आणि १९६२ त गेले, एकशें चार वर्षें जगले. शंभरी भरली त्या दिवशीं सरकारनें त्यांचें चित्र पोस्टाच्या तिकिटावर छापलें."

इतका वेळ काकू खालीं मान घालून उरलेले वाती-काकडे डब्यांत भरीत होत्या. त्या म्हणाल्या, "कर्व्यांचें राहूं द्या. मंगळवारीं अंगारकी आहे. साबूदाणा सोमवारीं रात्रींच भिजत घाला, सकाळीं घाई होते."

नात उठून त्यांच्यापाशीं जाऊन बसली. "आजी, तूं संकष्टीला चंद्र पाहिल्याखेरीज जेवत नाहींस ना? कधींपासून?"

"लग्नानंतरच्या पहिल्या श्रावणांत सासूबाईंनीं धरावयास सांगितली. अडुसष्ट सालीं."

"आणि तुझा वाढदिवस कधीं असतो ग?"

आम्ही सर्वांनीं एकमेकांकडे पाहिलें. बँकेच्या आणि रेशनच्या कागदांवर काकूंची जन्मतारीख १ जून आहे. पण शाळेंत नांव घालतांना मास्तरांनीं पुष्कळ मुलांना ही एकच तारीख सरसकट वांटून टाकिली होती, हें सर्वांना ठाऊक. काकू डब्याचें झांकण लावीत म्हणाल्या, "मंगळवारींच कीं. श्रावण वद्य चतुर्थी. आमच्या आईला त्या दिवशीं चंद्राची वाट पाहावी लागली नाहीं, माझीच पाहावी लागली. मला काय, वाढदिवसाला जन्मभर उपासच."

काकूंचें वर्ष अठ्ठेचाळीस. म्हणजे मंगळवारीं सत्त्याहत्तर पुरीं होणार. आणि पंचाहत्तरी २०२३ सालींच येऊन गेलेली. त्या वर्षीं आम्ही कोठें होतों? श्रावण अधिक आला होता. घरचे झाडून सारे जावई येऊन अनारसे खाऊन गेले होते. ते अनारसे काकूंनींच तळले होते. पुढें निज श्रावणांत चतुर्थी आली, तोंवर आम्ही सगळे तळलेल्या पदार्थांना विटलों होतों आणि वाढदिवस वगैरे कांहीं कोणाच्या स्वप्नांतहि नव्हतें. पत्रिकेंतला तो एक शब्द आम्हांला त्या रात्रीं फार वेळ टोंचत राहिला.

मंगळवारीं संध्याकाळीं सुनांनीं कणीक भिजवून सत्त्याहत्तर दिवे केले. मोदकांची उकड निघाली. एवढें सारें करून चंद्रोदयाची वेळ झाली तेव्हां आकाशांत पाहावें तों काळोख. नातू मोबाइल पाहून म्हणाला, "उगवला, आजी. यांत दाखवितो आहे." काकू म्हणाल्या, "त्यांत उगवला असेल. मला नाहीं दिसला." आणि हातांत अर्घ्याचें तबक घेऊन गच्चीच्या कठड्याशीं उभ्या राहिल्या. पाऊस भुरभुरूं लागला. मग एक अपूर्व गोष्ट घडली : नऊ वाजून गेले असतांहि काका जिना चढून वर आले, आणि कांहीं न बोलतां त्यांनीं काकूंच्या डोक्यावर छत्री धरिली. छत्री अर्थातच इतकी पुढें धरिली कीं काकूंना आकाशच दिसेना, आणि "अहो, जरा मागें घ्या," असें त्यांना दोनदां सांगावें लागलें.

पाऊण तासानें ढग क्षणभर फांकले. तेवढ्यांत अर्घ्य झालें, ओवाळणें झालें, आणि काकूंनीं आयुष्यांत प्रथमच आपल्या वाढदिवसाचा पहिला मोदक गरम खाल्ला.

काका मात्र भिंतीशीं टेकून बोटांवर कांहीं मोजीत होते. "सत्तावन्न वर्षें, म्हणजे एकोणिसाची तीन आवर्तनें; अधिक महिने बरोबर एकवीस. सहाशें चौऱ्याऐंशींत एकवीस मिळवा, सातशें पांच. पहिली चतुर्थी धरून आजची सातशें सहावी. ढगाआडचे धरले आहेत हं; जो नियम मला तोच तुला. हजाराला कमी दोनशें चौऱ्याण्णव. तेवीस वर्षें नऊ महिने लागतील." मग थोडें थांबून म्हणाले, "तेव्हां मी एकशें चार वर्षें सात महिन्यांचा असेन. कर्व्यांच्या किंचित् पुढें."

"असा कीं," काकू म्हणाल्या. "छत्री कोण धरील मग?"