सवलत मीटरला की माणसाला?

विजेचे बिल म्हणजे युनिट गुणिले दर, इतका हा हिशेब सरळ नाही. राज्य वीज नियामक आयोगाच्या घरगुती दरपत्रकात महिन्याचे पहिले 100 युनिट सर्वांत स्वस्त, 101 ते 300 महाग आणि त्यापुढचे त्याहूनही महाग. थोडी वीज जाळतो तो गरीब, हे त्यामागचे गृहीतक. भिवंडीच्या चाळीत ते कोसळते.

चार यंत्रमाग कामगारांची कुटुंबे एकाच मीटरवर आहेत आणि प्रत्येकाचा वापर 90 युनिट आहे, असे समजा. स्वतंत्र मीटर असते तर सर्व 360 युनिटांना पहिलाच दर लागला असता. सामायिक मीटरवर तो केवळ 100 युनिटांना लागतो. 200 युनिट दुसऱ्या टप्प्यात जातात, 60 तिसऱ्या! तीन मीटरांचा स्थिर आकार वाचतो खरा. पण वाढीव दर ती बचत गिळून टाकतो.

महावितरणने 2007 साली भिवंडीचे वितरण टोरंट पॉवरकडे सोपविले. फ्रँचायझी आली, गणित तेच राहिले. वीज कायदा, 2003 चे कलम 43 मालकाप्रमाणेच भोगवटादारालाही वीजजोडणी मागण्याचा हक्क देते. तो हक्क कागदावर कुजू देणे म्हणजे गरिबाची सवलत घरमालकाच्या मर्जीवर टांगणे होय. म्हणून कामगारांची मागणी एकच असली पाहिजे : एक चूल, एक मीटर!