विश्लेषण : अंधेरीहून पूर्वेकडे जाणारी रेल्वे ८० वर्षे कुठे हरवली होती?

अंधेरीहून घाटकोपरला जायचे तर आज आपण मेट्रो पकडतो. २०१४ पूर्वी हाच प्रवास लोकलने करायचा झाला तर आधी दादर गाठावे लागे, पूल ओलांडून मध्य रेल्वेच्या फलाटावर जावे लागे आणि तिथून पुन्हा उत्तरेकडे यावे लागे. म्हणजे सुमारे २२ किलोमीटरचा वळसा. पण अंधेरीहून पूर्वेला रेल्वे नेणारी मेट्रो पहिली नव्हे. असा मार्ग १९२८ मध्येच सुरू झाला होता. सहा वर्षांत तो बंद पडला आणि त्याची किंमत उपनगरांनी पुढची ८० वर्षे मोजली.

अंधेरी स्थानक किती जुने?

बॉम्बे, बडोदा अँड सेंट्रल इंडिया अर्थात बीबीसीआय कंपनीची रेल्वे गुजरातहून ग्रँट रोडपर्यंत पोहोचली ती २८ नोव्हेंबर १८६४ रोजी. १२ एप्रिल १८६७ रोजी विरार ते बॅक बे अशी पहिली उपनगरी गाडी धावली. दिवसाला एक जाणारी आणि एक येणारी, एवढाच पसारा. तिच्या थांब्यांत बोरिवली, पहाडी (आजचे गोरेगाव) आणि अंधेरी ही नावे होती. साष्टी बेटावरच्या या गावांभोवती तेव्हा मुख्यतः शेती होती. ५ जानेवारी १९२८ रोजी कुलाबा ते बोरिवली मार्गाचे विद्युतीकरण झाले आणि अंधेरीला विजेवरची लोकल मिळाली.

पश्चिम आणि मध्य मार्ग दादरलाच का भेटतात?

कारण दोन्ही मार्ग वेगवेगळ्या खासगी कंपन्यांनी, वेगवेगळ्या बाजारपेठांसाठी टाकले. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदर ते ठाणे गाडी सोडणाऱ्या जीआयपी कंपनीला घाट ओलांडून दख्खन गाठायचे होते. बीबीसीआयची नजर गुजरातच्या कापसावर होती. दोघांनाही माल मुंबई बंदरापर्यंत आणायचा होता. अंधेरीच्या माणसाला घाटकोपरला जायचे असेल, हा प्रश्न त्यांच्यासमोर नव्हताच. त्यामुळे उपनगरांत रूळ उत्तर-दक्षिण पडले आणि पूर्व-पश्चिम दिशा कोरी राहिली.

मग १९२८ मध्ये काय घडले?

ही उणीव भरून काढणारा एक मार्ग त्याच वर्षी सुरू झाला. ट्रॉम्बेहून कुर्ल्यामार्गे अंधेरीपर्यंत जाणारा सुमारे १३ किलोमीटरचा हा मार्ग ‘साष्टी-ट्रॉम्बे रेल्वे’ म्हणून ओळखला जातो. तो जीआयपी चालवत असे. म्हणजे अंधेरी स्थानकात विजेची लोकल आणि पूर्वेकडची गाडी एकाच वर्षी आली. १९३४ मध्ये मात्र हा मार्ग बंद झाला. कुर्ला-चेंबूर पट्ट्यात आज हार्बरच्या लोकल धावतात. कुर्ला-अंधेरी दरम्यान मात्र रुळांसाठी जागाही उरली नाही.

त्याचा परिणाम काय झाला?

मार्ग बंद झाला तेव्हा आसपास गावे आणि शेते होती. नोकऱ्या नंतर आल्या. विमानतळ वाढला, मरोळला औद्योगिक वसाहत उभी राहिली, १९७३ मध्ये सीप्झ आले. या सगळ्यांकडे जाणारा पूर्व-पश्चिम भार रस्त्यावर पडला. अंधेरी-कुर्ला रोडची कोंडी आणि बेस्टच्या ३३२ व ३४० क्रमांकाच्या बसमधली गर्दी ज्यांनी अनुभवली आहे, त्यांना याचा अर्थ वेगळा सांगायला नको.

तीच दिशा पुन्हा रुळांवर आणायला किती खर्च आला?

वर्सोवा-अंधेरी-घाटकोपर मेट्रो १ चे भूमिपूजन २००६ मध्ये झाले आणि पहिली गाडी ८ जून २०१४ रोजी धावली. लांबी ११.४ किलोमीटर, स्थानके १२. मूळ २,३५६ कोटी रुपयांचा खर्च ४,३२१ कोटींवर गेल्याचा दावा मेट्रो कंपनीने केला आणि त्यावरून एमएमआरडीएशी तिचा दीर्घ वाद झाला. भरवस्तीत रूळ टाकणे किती अवघड असते, तेही या प्रकल्पात दिसले. पश्चिम द्रुतगती मार्गावर आधीच उड्डाणपूल होता. त्याच्याही वरून मेट्रो नेण्यासाठी केबलच्या आधाराचा पूल बांधावा लागला. मोकळ्या जमिनीवर ही वेळच आली नसती.

रस्त्यांची स्थिती याहून बरी आहे का?

अंधेरीतील गोखले पुलाचे उदाहरण बोलके आहे. ३ जुलै २०१८ रोजी त्याच्या पदपथाचा भाग रुळांवर कोसळला आणि पश्चिम रेल्वे ठप्प झाली. नोव्हेंबर २०२२ मध्ये पूल पूर्ण बंद झाला. फेब्रुवारी २०२४ मध्ये नव्या पुलाची एक बाजू खुली झाली, तेव्हा शेजारच्या बर्फीवाला पुलाशी तिची उंचीच जुळत नव्हती. दोन्ही बाजू वाहतुकीस खुल्या व्हायला मे २०२५ उजाडला. रूळ ओलांडणारा एक पूल बंद पडला की अंधेरीचे पूर्व आणि पश्चिम असे दोन तुकडे होतात, हे या काळात रहिवाशांनी रोज पाहिले.

आता काय करायला हवे?

गुंदवलीपर्यंत मेट्रो ७ आली आहे, मरोळ नाक्याला मेट्रो १ भुयारी मेट्रो ३ शी जोडली गेली आहे आणि स्वामी समर्थ नगर ते विक्रोळी मेट्रो ६ चे काम सुरू आहे. दिशा योग्य आहे. पण अंधेरी आणि घाटकोपर स्थानकांत उसळणारा लोंढा मेट्रो १ ची चार डब्यांची गाडी किती काळ वाहणार? डबे वाढवणे हा ऐच्छिक विषय राहिलेला नाही. दुसरी गोष्ट त्याहून महत्त्वाची. विरार, कल्याण, पनवेलच्या पुढे शहर पसरते आहे. तिथे पूर्व-पश्चिम मार्गांसाठीच्या पट्ट्या आजच विकास आराखड्यात राखून ठेवाव्या लागतील, मग गाडी दहा वर्षांनी धावली तरी चालेल. बंद पडलेली गाडी पुन्हा सुरू करता येते. तिच्या वाटेवर इमारती उभ्या राहिल्या की मात्र वाट आकाशातून किंवा जमिनीखालून काढावी लागते आणि तिचे बिल करदाते व प्रवासी भरतात.