फेरफाराचा विलंब : न्यायालय काय देऊ शकते?

सुरतच्या आग्नेय भागातील डिंडोली हे एके काळचे शेतीचे गाव. यंत्रमागाच्या रोजगारासाठी खानदेशातून आलेल्या असंख्य मराठी कुटुंबांनी आता या परिसरात घरे केली आहेत. अशा शहरालगतच्या वस्त्यांत खरेदीखताची नोंदणी होऊनही महसुली दप्तरात जुन्याच मालकाचे नाव राहणे किंवा वडिलांच्या निधनानंतर वारसनोंद रेंगाळणे, हा अनेकांच्या जिवाला घोर लावणारा प्रश्न असतो. नाव लागल्याखेरीज कर्ज आणि विक्री दोन्ही अडतात. गोव्यात एक-चौदाच्या उताऱ्यावर नाव चढण्याची वाट पाहणाऱ्यांनाही हा अनुभव परका नाही.

गुजरातेत 1879 चा जुना मुंबई जमीन महसूल कायदा राज्याच्या नावाने आजही लागू आहे. त्यातील कलम 135-सी नुसार हक्क मिळाल्यापासून तीन महिन्यांत वर्दी द्यावी लागते. नोंदणीकृत दस्त असल्यास त्यातून सूट आहे. कलम 135-डी नुसार हितसंबंधितांना नोटीस देऊन, हरकती ऐकून मगच फेरफार प्रमाणित होतो. गोव्यातील 1968 च्या जमीन महसूल संहितेची चौकटही अशीच आहे.

अधिकारी निर्णयच देत नसेल, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयाकडे परमादेशाची मागणी करता येते. मात्र न्यायालय सहसा ‘नाव लावा’ असे सांगत नाही. ‘ठरावीक मुदतीत कायद्याप्रमाणे निर्णय घ्या’ असे सांगते. तो आदेश डावलल्यास अवमान याचिका करता येते आणि तीही एका वर्षाच्या आत करावी लागते. त्यामुळे अर्जाची पोच, नोंद क्रमांक आणि स्मरणपत्रे जपून ठेवणे, हाच याचिकेचा खरा पाया ठरतो.

निर्णय झाला, पण प्रतिकूल झाला, तर वाट बदलते. तेव्हा आधी महसुली अपील करावे लागते. गुजरातेत ते प्रांताधिकाऱ्यांकडे आणि पुढे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते. ही पायरी वगळून आलेली याचिका उच्च न्यायालय बहुधा परत पाठवते.

मालकीवरच वाद असेल, तर तिसरा दरवाजा दिवाणी न्यायालयाचा. फेरफार ही महसूल वसुलीसाठीची नोंद आहे, तिने मालकी मिळत नाही आणि जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितले आहे. मृत्युपत्राच्या आधारे फेरफार मागणाऱ्या जितेंद्र सिंह प्रकरणात 2021 मध्ये न्यायालयाने अर्जदाराला दिवाणी न्यायालयाचीच वाट दाखवली. हक्काच्या घोषणेसाठीच्या दाव्याला तीन वर्षांची मुदत असते. ‘कार्यालयातून निकाल आल्यावर पाहू’ असे म्हणत बसणाऱ्याची ही मुदत नकळत सरू शकते.

विलंबावर उतारा म्हणून नोटिशीचा टप्पाच गाळावा, अशी मागणी मात्र घातक ठरेल. बनावट दस्तांच्या आधारे जमिनी बळकावल्याच्या प्रकरणांसाठी गोवा सरकारला 2022 मध्ये विशेष तपास पथक आणि पुढे निवृत्त न्यायमूर्ती व्ही. के. जाधव यांचा आयोग नेमावा लागला. परगावी किंवा परदेशी असलेल्या मालकाला नोटीस हेच पहिले कवच असते. हरकतीसाठी दिलेला कालावधी हा विलंब नव्हे. हरकत नसतानाही कागद टेबलावर पडून राहणे, हा विलंब होय.

गुजरात आणि गोवा या दोन्ही राज्यांनी 2013 मध्ये मुदतबद्ध लोकसेवेचे कायदे केले. त्यांची खरी कसोटी अशा नोंदींतच लागते. बिनहरकत फेरफारासाठी नागरिकाला वकील करून उच्च न्यायालय गाठावे लागत असेल, तर मिळालेला आदेश हा त्याचा विजय असला, तरी प्रशासनाचा पराभवच आहे. आणि डिंडोलीतल्या यंत्रमाग कामगाराला तो विजयही परवडेल, याची शाश्वती नाही.