2011चा कौल, आजचे निर्णय

शिखांच्या गुरुद्वारांचा कारभार पाहणाऱ्या शिरोमणी गुरुद्वारा प्रबंधक समितीची सार्वत्रिक निवडणूक यापुढे एक दिवसही लांबवली जाऊ नये, असे आमचे स्पष्ट मत आहे.

समितीसाठी शेवटचे मतदान 18 सप्टेंबर 2011 रोजी झाले. सहजधारी, म्हणजे केश न राखणाऱ्या, शिखांच्या मताधिकाराचा वाद न्यायालयात गेला आणि निवडून आलेले सभागृह 2016पर्यंत अधांतरी राहिले. पाच वर्षांची मुदत तिथून मोजली, तरी ती केव्हाच उलटली आहे. अध्यक्षाची वार्षिक निवड मात्र त्याच सभागृहात सुखेनैव होत आली!

मार्च 2025मध्ये समितीच्या कार्यकारिणीने अकाल तख्ताच्या जथेदारांना पदावरून दूर केले, तेव्हा पंथात वादळ उठले. तो निर्णय योग्य की अयोग्य, हे पंथाने ठरवावे. आमचा तो अधिकार नव्हे. परंतु ज्या कौलात आज तिशीच्या आत असलेल्या एकाही शिखाचे मत नाही, त्याच्या बळावर सर्वोच्च धर्मपीठाचे प्रमुख बदलले जात असतील, तर निर्णयामागचे नैतिक बळ कोठून येणार? महंतांच्या ताब्यातून सुटलेल्या गुरुद्वारांचा कारभार संगतीच्या मतावर चालावा, म्हणून तर 1925चा कायदा झाला.

मतदार नोंदणी ऑक्टोबर 2023मध्येच सुरू झाली होती. याद्यांवरील हरकती ठरावीक मुदतीत निकाली काढून केंद्र सरकार आणि गुरुद्वारा निवडणूक आयोगाने मतदानाची तारीख जाहीर करावी.