मामा गरीब का, याचं खरं उत्तर मुलांना द्या

यूएईतल्या मराठी आईबाबांनो, पोस्ट मोठी आहे. शनिवारी निवांत वाचा, पण वाचा.

आपल्या जवळजवळ प्रत्येक घरात एक वाक्य ठरलेलं असतं. गाडी शेख झायेद रोडला लागली की बाबा आरशातून मागच्या सीटकडे बघत म्हणतात, "पन्नास वर्षांपूर्वी इथे नुसती वाळू होती. आणि आपले लोक बघ, अजून तिथेच!" मीही हे वाक्य म्हटलंय. खोटं कशाला बोलू?

गेल्या महिन्यात माझ्या सातवीतल्या लेकीने त्याला पुढचा प्रश्न जोडला. "आई, मामा तर बाबांपेक्षा जास्त काम करतो. मग तो गरीब का?" माझा भाऊ निफाड तालुक्यात कांदा करतो. मी तोंड उघडायच्या आत आमच्या घरातूनच उत्तर आलं, "कारण तिकडच्या शेतकऱ्याला मार्केट कळत नाही."

या एका वाक्यासाठी मी ही पोस्ट लिहितेय. कारण हे वाक्य धडधडीत खोटं आहे, आणि ते आपण दिरहॅममध्ये पगार घेऊन, एसीत बसून, आपल्याच मुलांना शिकवतोय.

मार्केट कळत नाही? लासलगावच्या लिलावात उभं राहून बघा एकदा. भाव कुठे उघडला, दुबईची मागणी किती, बांगलादेशची सीमा चालू आहे की बंद, हे पारावर बसलेला माणूस तुम्हाला सांगेल. त्याला मार्केट चांगलं कळतं. भाव चांगला असतो नेमका तेव्हा त्याला त्या मार्केटमध्ये जाऊ देत नाहीत, दुखणं हे आहे.

एकाच वर्षाचा हिशोब घ्या, 2023 चा.

फेब्रुवारीत कांद्याचा भाव कोसळला. बार्शी तालुक्यातल्या एका शेतकऱ्याने सोलापूरच्या बाजारात 512 किलो कांदा विकला. हमाली, तोलाई, गाडीभाडं वजा जाऊन हातात चेक आला दोन रुपयांचा. होय, दोन. ती बातमी आपण सगळ्यांनी व्हॉट्सअ‍ॅपवर फिरवली, रडणारे इमोजी टाकले आणि पुढे गेलो. राज्य सरकारने नंतर क्विंटलला 350 रुपये अनुदान जाहीर केलं. म्हणजे किलोला साडेतीन रुपये. तेव्हा सगळे शहाणे काय म्हणत होते? "मार्केट आहे. मागणी-पुरवठा. शेतकऱ्याने दुसरं पीक घ्यावं."

मग ऑगस्ट उजाडला, भाव जरा चढायला लागला. 19 ऑगस्टला निर्यातीवर 40 टक्के शुल्क. ऑक्टोबरच्या शेवटी अट आली की टनाला 800 डॉलरच्या खाली कांदा बाहेर पाठवायचा नाही. आणि 8 डिसेंबरपासून सरळ निर्यातबंदी. आता तेच शहाणे काय म्हणाले? "देशहित आहे. ग्राहकाचा विचार करायला नको का?"

म्हणजे भाव पडला की मार्केट आणि भाव चढला की देशहित. पडला तरी तोटा शेतकऱ्याचा, चढला तरी त्याचाच.

आणि वेळ बघा कुठली. डिसेंबरात बाजारात येतो तो लाल कांदा. उन्हाळ कांद्यासारखा तो चाळीत चार-पाच महिने टिकत नाही. काढला की विकावाच लागतो. बंदी उठेपर्यंत थांबू, हा पर्यायच नव्हता. लिलाव बंद पडले, रस्ते अडवले गेले. माझ्या भावाने मिळेल त्या भावाला माल दिला, आणि फोनवर मला फक्त एवढंच म्हणाला, "ताई, तुमच्याकडे काय भाव चाललाय?"

आमच्याकडे? इथे शारजात कांदा काही पटींनी महागला होता. दुकानात तुर्कीचा, इजिप्तचा, पाकिस्तानचा, चीनचा कांदा येऊन बसला होता. आपल्या ग्रुपवर सगळे कुरकुरत होते की हा कांदा गोड लागतो, भजीला चालत नाही. समुद्राच्या या बाजूला गिऱ्हाईक दुप्पट-तिप्पट पैसे मोजायला तयार, त्या बाजूला माझा भाऊ माल घेऊन उभा. न्हावा शेवाहून जेबेल अलीला जहाज आठवड्याच्या आत पोचतं. मध्ये फक्त एक कागद होता.

त्याच काळात, 14 फेब्रुवारी 2024 ला, भारतीय निर्यातदारांसाठी जेबेल अलीत 'भारत मार्ट' उभं राहणार म्हणून कोनशिला बसली. आपण टाळ्या वाजवल्या, मीही वाजवल्या. भारत-यूएई व्यापार करार तर 1 मे 2022 पासून लागू होता. 1 मार्च 2024 ला यूएईसाठी 14,400 टन कांद्याला परवानगी मिळाली, तीसुद्धा तिमाहीला 3,600 टनांच्या हिशोबाने आणि एकाच सहकारी निर्यात संस्थेमार्फत. बंदी उठली 4 मेला, तीही 550 डॉलरची अट आणि 40 टक्के शुल्क ठेवून. ते शुल्क पूर्ण जायला 1 एप्रिल 2025 उजाडला. आणि हे पहिल्यांदा झालं असंही नाही. 2019 मध्ये बंदी, 2020 मध्ये बंदी, 2023 मध्ये पुन्हा बंदी.

आता स्वतःला त्या जागी ठेवून बघा. दिरहॅम बावीसवरून तेवीस रुपयांवर गेला की आपण काय करतो? एक्स्चेंजच्या ॲपवर तुटून पडतो. होम लोनचा जादा हप्ता, आईबाबांच्या खात्यात पैसे, सगळं त्याच आठवड्यात. समजा उद्या नियम निघाला की दर चांगला असेल तेव्हा पैसे पाठवायचे नाहीत, पाठवलेत तर 40 टक्के कापू, आणि दर पडला की मात्र खुशाल पाठवा, मार्केट आहे! आपण केवढा आरडाओरडा केला असता? मग मामाने गप्प का बसायचं?

काही जण म्हणतील, आणि त्यांचं म्हणणं मला मान्य आहे, की कांदा ऐंशी रुपये झाला तर मुंबई-पुण्यातल्या गरिबाने काय खायचं? प्रश्न रास्तच आहे. त्या माणसाला स्वस्त कांदा मिळालाच पाहिजे. पण त्याचे पैसे कोणी भरायचे? सरकारने बाजारभावाने कांदा विकत घ्यावा आणि गरिबाला स्वस्तात द्यावा. तो खर्च तिजोरीतून होईल, म्हणजे सगळ्यांच्या खिशातून. बंदी घातली की तोच खर्च एकट्या कांदेवाल्याच्या खिशातून होतो, आणि त्याची पावतीसुद्धा फाटत नाही.

"अहो, सगळेच देश बंदी घालतात." हो, घालतात. जुलै 2023 मध्ये भारताने बिगर-बासमती पांढऱ्या तांदळाची निर्यात थांबवली, तेव्हा यूएईनेही आठवडाभरात चार महिन्यांसाठी तांदळाची निर्यात आणि पुनर्निर्यात बंद केली. पण इथे भाताची शेती नाही. इथे कुणा शेतकऱ्याच्या डोक्यावर त्याचं ओझं आलं नाही. आपल्याकडे येतं.

आणि ती 'नुसती वाळू' ची गोष्टही अर्धवट आहे. दुबईत तेल सापडलं 1966 मध्ये. त्याच्या आधीच, 1961 पर्यंत, गाळ काढून खाडी खोल केली होती, मोठी गलबतं आत यावीत म्हणून. इथले मोती मुंबईच्या बाजारात विकले जायचे, 1966 पर्यंत इथे व्यवहारात रुपया चालायचा. मग 1979 मध्ये जेबेल अली बंदर झालं आणि 1985 मध्ये तिथला फ्री झोन. या सगळ्याचा अर्थ एकच. व्यापाऱ्याला भरवसा वाटला पाहिजे की आज उघडं असलेलं दार उद्याही उघडं असेल. दुबई या भरवशावर उभी राहिली. इथली माणसं जास्त हुशार आणि आपली कमी, असं काही नाही.

मुलांना दुबईकडून काही शिकवायचंच असेल तर हे शिकवा. आपल्या शेतकऱ्याकडे मेहनत आहे, माल आहे, गिऱ्हाईकही आहे. त्याला भरवसा दिलेला नाही. आणि एकदा का दुबईच्या दुकानदाराने दुसऱ्या देशाचा कांदा बांधून घेतला, की तो आपल्याकडे परत येईलच असं नाही. हे नुकसान बंदी उठल्यावरही चालू राहतं.

म्हणून हात जोडून तीनच गोष्टी मागते. एक, 'कांदा स्वस्त झाला, सरकारचं अभिनंदन' छापाचे मेसेज पुढे ढकलण्याआधी गावाकडे एक फोन करा. दोन, सुट्टीत पोरांना मॉलमध्ये नेता तसं एक दिवस बाजार समितीत न्या. लिलाव बघू द्या, पावतीवरची कपात वाचू द्या. तीन, गाडीतलं ते वाक्य बंद करा.

मी लेकीला त्या रात्री पावती दाखवली, मामाने व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवलेली. तिने किलोमागे भाव काढला, त्याचे फिल्स केले, आणि मग दुकानाच्या बिलाशी ताडून बघितला. बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "आई, मामाला मार्केट कळतं. बाबांनाच माहीत नव्हतं."

बाबांनीही ऐकलं. तुमच्याही घरात कुणीतरी ऐकेल. सांगून तर बघा.