मान नको, मजुरी द्या!

‘तुझं काय बाई, सिनेमात काम करतेस!’ असं कुणी म्हटलं की हसावं की रडावं, कळत नाही. पथनाट्यं करता करता मी नटी झाले. मोठी कंपनी पाठीशी नसलेल्या, चार मित्रांनी पैसे जमवून काढलेल्या एका चित्रपटात मी अठरा दिवस काम केलं. कॅमेऱ्याचं भाडं रोजच्या रोज चुकतं झालं. जनरेटरवाल्याला, जेवणवाल्याला पैसे मिळाले. मला मिळाली ‘संधी’! करार नाही. कपडे बदलायच्या खोलीला आतून कडी नाही. संडास इतका लांब की आम्ही बायका दिवसभर पाणीच पीत नव्हतो. शेवटच्या दिवशी ‘पुढच्या भूमिकेबद्दल बोलायला रात्री एकटीच ये’ असा निरोप आला. मी गेले नाही. भूमिकाही गेली.

आणि चित्रपटाचा विषय काय? बाईचं शोषण!

धंदेवाईक सिनेमा बाईची बाहुली करतो, हे आपण कायम म्हणत आलो. म्हणून हा छोटा सिनेमा आपला वाटतो. पण पडद्यावर बाईला न्याय देणारा पडद्यामागे तिला काय देतो, हे कोण विचारणार? फार तर ‘मानधन’ म्हणून पाकीट हातात ठेवतात. हा शब्द आपल्या ओळखीचा आहे. अंगणवाडीताईंना मानधनच मिळतं. राजस्थानातली भंवरीदेवी, जिच्यावरच्या अत्याचारातून १९९७चा विशाखा निकाल आला, तीही साथिन म्हणून मानधनावरच राबत होती. मान द्यायचा आणि मजुरी मारायची, ही जुनीच रीत आहे.

कायदा मात्र आपल्या बाजूनं आहे. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धचा २०१३चा कायदा पैसे न घेता काम करणारीलाही कर्मचारी मानतो. दहापेक्षा कमी माणसं असतील तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे तक्रार करता येते. केरळात २०१७ साली एका अभिनेत्रीवर अत्याचार झाला, तेव्हा सहकारी बायका एकत्र आल्या. त्यांच्या रेट्यामुळे सरकारनं हेमा समिती नेमली. २०१९च्या अखेरीस दिलेला तिचा अहवाल २०२४च्या ऑगस्टपर्यंत दडवला गेला. संडास नाही, कपडे बदलायला आडोसा नाही, हेच त्यातही होतं! २०२२ साली केरळ उच्च न्यायालयानं प्रत्येक चित्रपटाच्या निर्मितीत तक्रार समिती हवी, असं सांगितलं. हे भांडूनच मिळालं.

मराठी चित्रपटांना शासन अनुदान देतं, म्हणजे पैसा तुमचा-माझा आहे. लेखी करार, ठरलेली मजुरी आणि तक्रार समिती असल्याशिवाय एक रुपयाही देऊ नये, ही मागणी आपण का करू नये?

आणि एक मागणी आपल्याकडेच. मेळाव्यांत, शिबिरांत आपण असे चित्रपट दाखवतो. दिग्दर्शकाला बोलावतो, नारळ-शाल देतो. पुढच्या वेळी शाल देण्याआधी एवढंच विचारा : हिला पैसे दिलेत का?